पुरणारे आणि उरणारे

गुप्तधनाच्या गोष्टींवर माझा राग आहे. भुतांवर नाही. भुतांचं आणि माझं काही वाकडं नाही. वीस वर्षं बँकेत कॅशच्या खिडकीमागे बसलेल्या माणसाला भूत भेटलंच, तर ते निदान ‘सुट्टे आहेत का’ असं विचारणार नाही, एवढ्यानेच तो सुखावेल. हंड्यावरच्या नागावरही राग नाही. बिचारा पिढ्यान्‌पिढ्या बिनपगारी, बिन-ओव्हरटाइम वेटोळं घालून बसलेला असतो आणि त्याची साधी युनियनसुद्धा नाही. माझा राग आहे तो या गोष्टींमधल्या एका अतिशय प्रतिष्ठित माणसावर. त्याला आजवर एकाही लेखकाने आरोपीच्या पिंजऱ्यात उभं केलेलं नाही. हा माणूस म्हणजे हंडा पुरणारा.

गोष्ट तुम्हाला पाठ आहे. कोकणातलं गाव, आषाढाचा पाऊस, चौसोपी वाडा, दारात पिंपळ. माजघराखाली तळघर, त्याला गंजकं कुलूप. माळ्यावर कोंडलेली एक वेडी आत्या, जी अमावास्येला हसते. मुंबईहून आलेला तरणाबांड पुतण्या. (हा बहुधा आर्ट्‌सचा असतो. कॉमर्सच्या मुलाला लेखक वाड्यात शिरूच देत नाहीत, कारण तो आधी घरपट्टीची पावती मागेल.) मग फाटक्या कागदावरचं कोडं, दिवाणजींचा खून, विहिरीतली चोर-पायरी आणि शेवटी हंडा. लोभी चुलत्याला नाग डसतो, पुतण्याला दिवाणजींची मुलगी मिळते, आत्या माळ्यावरून पडून एका वाक्यात मरते. या सगळ्या धुमाळीत ओटीवर एक तसबीर शांतपणे लटकत असते. पगडी, भिकबाळी, करारी डोळे. मूळपुरुष! सगळं त्यांनीच पुरलेलं आणि कुणाला सांगितलं नाही म्हणून तीन पिढ्यांचं वाटोळं झालेलं. आणि शेवटच्या पानावर पुतण्या काय करतो? तसबिरीला हार घालतो!

अहो, हार कसला घालता? कारणे दाखवा नोटीस काढा!

हे मी ऐकीव बोलत नाही. बाबूराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या. आमच्या वडिलांच्या ट्रंकेत त्यातले झुंजार आणि काळा पहाड दाटीवाटीने राहत, साधारण आम्ही राहत होतो तसेच. पुढे नारायण धारप हाती लागले आणि रात्री मोरीपर्यंत जायला मला सोबत लागू लागली. माझ्या या भित्रेपणाला मुलुंडने मात्र कधी साथ दिली नाही. १९२२ च्या सुमारास आखून-रेखून वसवलेलं हे उपनगर. रस्ते एकमेकांना काटकोनात छेदतात आणि काटकोनात भुताला नीट लपता येत नाही. आमच्याकडे रात्री झाडीत डोळे चमकले तर तो नॅशनल पार्कातून उतरलेला बिबट्या असतो. गुप्तधनाचं म्हणाल, तर गेल्या काही वर्षांत गव्हाणपाड्यापासून झवेर रोडपर्यंत रीडेव्हलपमेंटसाठी एवढं खणून झालंय की कुणी काही पुरलं असतं तर एव्हाना निघालं असतं. माझ्या ऐकिवात तरी फक्त पाण्याचे जुने पाइप निघाले, तेही फुटल्यावर.

असो. ‘तुंबाड’बद्दल बोलायचं आहे. राही अनिल बर्वे यांनी दिग्दर्शित केलेला हा हिंदी सिनेमा २०१८ साली आला. २०२४ च्या सप्टेंबरात तो थिएटरांत पुन्हा लागला आणि पहिल्या खेपेपेक्षा जास्त चालला. नाव श्री. ना. पेंडशांच्या ‘तुंबाडचे खोत’वरून घेतलेलं, गोष्ट निराळी. सिनेमा उत्तम आहे, दोनदा पाहिला. पण बाहेर पडताना माझे एक रसिक मित्र मान हलवत म्हणाले, “लोभाचं काय भेदक चित्रण आहे!” माझं आणि त्यांचं भांडण इथे सुरू झालं आणि मुलुंड स्टेशनच्या पुलावर, अजून चालू आहे.

लोभ कुणाचा? तर विनायकरावाचा. सोन्याची आणि धान्याची हाव असलेला हस्तर खाली बसलेला असतो. विनायकराव पिठाची बाहुली घेऊन उतरतो, हस्तर बाहुलीवर तुटून पडतो, तेवढ्या वेळात सांडलेल्या मोहरा हा गोळा करतो. बँकेच्या भाषेत सांगायचं तर दर खेपेला ठरावीक रकमेपेक्षा जास्त काढता न येणारं हे ए.टी.एम. आहे; फक्त कार्ड अडकलं तर माणूसही अडकतो. ठीक. पण गुपित कुणाजवळ आहे पाहा. एक शापित म्हातारी साखळदंडाने बांधून ठेवलेली. तिला वेळच्या वेळी खायला घालून निजवायचं काम विनायकाच्या आईकडे. तीच आई त्या वाड्यातल्या म्हाताऱ्या सरकाराची सेवा करते, मोहरेच्या आशेवर वर्षं काढते आणि धाकटा मुलगा गमावून, मोठ्याला घेऊन पुण्याला निघून जाते. पुढे विनायकराव मोठा होऊन परत येतो, म्हातारीकडून गुपित काढतो आणि ते देतो कुणाला? आपल्या मुलाला. गुपित सांभाळायचं बापयांनी, आणि त्याला जेवू घालायचं बायकांनी, अशी ही वाटणी आहे. माझे मित्र म्हणतात, हे रूपक आहे. असेल. आमच्या खिडकीवर हे रूपक पिशवी घेऊन येतं, त्याच्याकडे वळतोच.

त्याआधी कायद्याचं एक पान. १८७८ साली इंग्रजांनी गुप्तधनाचा कायदा केला. जमिनीत दहा रुपयांपेक्षा जास्त किमतीचं काही पुरलेलं सापडलं की कलेक्टरला लेखी कळवायचं. काय सापडलं, कुठे, कोणत्या तारखेला, सगळं. न कळवल्यास वर्षापर्यंत कैद. धनाला कोणी वाली निघाला नाही आणि आपापसात करार नसेल, तर तीन चतुर्थांश सापडवणाऱ्याला, उरलेलं जागेच्या मालकाला. किती टापटीप! खणणाऱ्याचा हिशेब झाला, जागामालकाचा झाला, कलेक्टरचा झाला. पुरणाऱ्याला मात्र कायदासुद्धा काही विचारत नाही. मेला म्हणून सुटला, एवढंच.

आता म्हणाल, त्या काळी बँका कुठे होत्या, लुटालूट चाले, पुरून ठेवणार नाहीत तर काय करणार? मान्य. पुरायला माझी हरकत नाही. न सांगायला आहे. नाना फडणवीसांचंच घ्या. साडेतीन शहाण्यांपैकी एक, हिशेबात वाघ. त्यांनी आपला खजिना लोहगडावर नेऊन ठेवला होता. १८०० साली नाना गेले आणि मागे उरली जिऊबाई, अगदी कोवळ्या वयाची विधवा. मग नानांच्या संपत्तीच्या मागे कोण कोण लागलं ते इतिहासाच्या पुस्तकात वाचा. ती मुलगी लोहगडावर राहिली आणि अखेर १८०३ मध्ये इंग्रजांचं अभय घेऊन पनवेलला गेली. नानांच्या धनाच्या दंतकथा पुण्या-साताऱ्याकडे अजून रंगवून सांगतात. जिऊबाईची गोष्ट कुणी रंगवत नाही. तिच्यात नाग नाही ना!

आणि हे नुसतं करमणुकीपुरतं राहतं असंही नाही. पायाळू माणसाच्या डोळ्यांत अंजन घातलं की त्याला जमिनीतलं धन दिसतं. हंडा रात्री ‘येऊ का, येऊ का’ म्हणून हाक मारतो. भलत्याने उघडला तर मोहरांचे कोळसे होतात. हे आपण लहानपणी आजीच्या मांडीवर ऐकलं आणि गंमत म्हणून विसरलो. सगळे विसरले नाहीत. परभणी जिल्ह्यातल्या मानवतला १९७२ ते १९७४ या काळात लहान मुली आणि बायका मारल्या गेल्या. पिंपळाखाली धन आहे, ते मिळायला कुमारिकेचं रक्त हवं, असल्या समजुतीतून हे बळी गेले, असं सरकार पक्षाचं म्हणणं होतं. तपासासाठी मुंबईहून रमाकांत कुलकर्णींना जावं लागलं. खटला सुप्रीम कोर्टापर्यंत गेला आणि काही आरोपी सुटले. अमोल पालेकरांनी १९८१ साली त्यावरून ‘आक्रीत’ काढला. तो पाहून मी दोन दिवस विनोद केला नाही, घरच्यांना बरं वाटलं. पुढे २०१३ साली महाराष्ट्रात जादूटोणाविरोधी कायदा झाला. त्याच वर्षी, त्याआधी काही महिने, डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा पुण्यात खून झाला होता. त्या कायद्याच्या अनुसूचीत मौल्यवान वस्तू किंवा धन शोधण्यासाठी केलेली अघोरी कृत्यं हा गुन्हा म्हणून मुद्दाम नोंदवलेला आहे. विसाव्या नव्हे, एकविसाव्या शतकात हे लिहावं लागलं. ज्या लेखकाला हंड्यापाशी कुमारिका उभी करायची हौस असेल त्याने ती अनुसूची आधी वाचावी.

तर आता पिशवी.

आमच्या खिडकीवर अशा आजी नेहमी येतात. एक नव्हे, कितीतरी. (आता आम्हाला कागदोपत्री क्लार्क म्हणत नाहीत, ‘कस्टमर सर्व्हिस असोसिएट’ म्हणतात, पंखा मात्र तोच आहे.) पिशवीत रेशनकार्ड, गॅसचं पुस्तक, मृत्यूचा दाखला आणि तीन निरनिराळ्या बँकांची कॅलेंडरं.

“ह्यांनी कुठेतरी ठेवलेत हो पैसे. ह्यातल्याच एखाद्या बँकेत असतील. ही कॅलेंडरं दर वर्षी यायची.”

“आजी, पासबुक?”

“ते कपाटाच्या चोरकप्प्यात असेल.”

“मग आणा ना.”

“किल्ली कुठे असायची ते ह्यांनाच ठाऊक.”

“त्यांनी कधी सांगितलं नाही?”

“विचारलं की म्हणायचे, तुला काय करायचंय?”

वाचकहो, हा घ्या तुमचा वाडा, हा चोरकप्पा आणि ही माळ्यावरची आत्या. चाळीस वर्षं तिने त्या माणसाचा डबा भरला. तसबिरीतले गृहस्थ सज्जन होते, निर्व्यसनी होते, सोसायटीचे खजिनदारसुद्धा होते! वारसदाराचं नाव घालायची सोय बँकांत १९८५ पासून आहे. पण नॉमिनेशनची ओळ कोरी. मग सुरू होतो खजिन्याचा खरा शोध. वारसांच्या सह्या, त्यातला एक कॅनडात. हमीपत्र, जामीनदार, रक्कम मोठी असली तर कोर्टाचा दाखला. त्या हंड्यावर बसलेला नाग म्हणजे अस्मादिक. नाग परवडला, असं आजींना वाटत असेल. तो दूध पाजलं की बाजूला सरतो. आम्ही झेरॉक्स मागतो आणि तीही स्वतः सही केलेली.

आजींना हे नेटाने करता आलं नाही, तर दहा वर्षं हालचाल नसलेली ठेव रिझर्व्ह बँकेच्या एका निधीत जाते. हा निधी २०१४ साली सुरू झाला. मार्च २०२४ अखेर त्यात ७८,२१३ कोटी रुपये होते. पुन्हा वाचा. अर्नाळकरांच्या हजार कादंबऱ्यांतले सगळे हंडे एकावर एक रचले तरी एवढे भरणार नाहीत. पैसे बुडत नाहीत, वारस केव्हाही येऊन मागू शकतो, आणि शोधायला २०२३ पासून ‘उद्गम’ नावाचं पोर्टलही आहे. पण मागायला आधी ठाऊक तर हवं! या हंड्याने ‘येऊ का’ म्हणून हाक मारल्याचं एकदाही ऐकिवात नाही.

माझ्या मित्राला मी विचारतो, यात लोभ कुणाचा? आजींचा? त्यांना विजेचं बिल भरायचंय. गोष्टीत खणणारा तो लोभी आणि पुरणारा तो दूरदर्शी, हे कुणी ठरवलं? रहस्य रहस्य म्हणून ज्याला आपण नटवतो, ते बऱ्याच वेळा एका पुरुषाने आपल्या बायकोवर न टाकलेला विश्वास असतो. त्याला कडकडणाऱ्या विजा आणि घुबड लावून दिलं की तोच अविश्वास खानदानी दिसायला लागतो. मित्र म्हणतात, तू कलाकृतीकडे पासबुकासारखं बघतोस. बघतो. पासबुकात निदान शेवटी बाकी किती ते लिहिलेलं असतं.

आमच्या मजल्यावरच्या काकांनाही मी हे सांगून पाहिलं. ते म्हणाले, “बायकोला सांगितलं की माहेरी कळतं, मुलांना सांगितलं की सुनेला कळतं.” मग कळू दे ना, काका! तुम्ही काय अणुबॉम्ब ठेवलाय? एक फिक्स डिपॉझिट, तेही पाच वर्षांचं. आता तर १ नोव्हेंबर २०२५ पासून एका ठेवीवर चार जणांपर्यंत नावं घालता येतात, टक्केवारीसह. हे ऐकल्यावर काका आणखीच विचारात पडले. आधी एकच नाव लपवायचं होतं, आता चार लपवावी लागणार.

काकू दाराआडून ऐकत होत्या. दुसऱ्या दिवशी साडेदहाला त्या एकट्याच बँकेत आल्या आणि हळूच म्हणाल्या, “तो फॉर्म दोन द्या हो भाऊजी. एक ह्यांच्यासाठी. एक माझ्या पोस्टातल्या पैशांना चालतो का? ह्यांना ते ठाऊक नाहीत.”

पोस्टाचा फॉर्म वेगळा असतो, तो पोस्टात मिळतो. आमचा मी लगेच दिला. पेन काउंटरवर आहे, दोरीने बांधलेलं. नाहीतर तेही कुणीतरी नेऊन पुरून ठेवेल.