खारेपाटाचा बांध आणि चार मिलिमीटर

समुद्र वर्षाला जेमतेम चार मिलिमीटर चढतो, तेवढ्याने कोणाचे शेत बुडत नाही, असे सांगणारे पुष्कळ भेटतात. आकडा बरोबर आहे. २००६ ते २०१८ या काळात जागतिक सरासरी वेग वर्षाला ३.७ मिलिमीटर होता. १९०१ पासून समुद्र सुमारे २० सेंटिमीटर, म्हणजे जवळजवळ वीतभर चढला. चुकतो तो निष्कर्ष. पेण-अलिबागच्या खारेपाटात भातशेती आणि खाडी यांच्यामध्ये उभा असतो तो मातीचा बांध. अमावास्या-पौर्णिमेचे उधाण त्याच्या माथ्याखाली थांबणार की माथ्यावरून आत उतरणार, हे वितीच्या फरकानेच ठरते. पाणी वरून वाहू लागले की माती धुपते, खांड पडते आणि मग भरती दिवसातून दोनदा शेतात शिरते.

‘बांध डागडुजीअभावी फुटतात, समुद्राला दोष कशाला?’ हा दुसरा आक्षेप. डागडुजी होत नाही हे खरेच, आणि तो गुन्हाच आहे. पण पाणी चढत असताना जुन्या उंचीचा बांध दुरुस्त करूनही पुरणार नाही. हयगय आणि समुद्र यांपैकी एकाचे नाव घेऊन दुसऱ्याला सोडता येत नाही.

‘पनवेल’ नावाच्या खार सोसणाऱ्या भातजाती आहेत ना, असेही सुचवतात. त्या जाती जमिनीतला खार सोसतात. मुळाशी रोज उभी राहणारी भरती नव्हे. शिवाय खांड बुजवली तरी मुरलेले मीठ धुऊन जायला काही पावसाळे लागतात.

सर्वांत अवघड प्रश्न कांदळवनाचा. खांड पडलेल्या शेतात तिवरे उगवतात, आणि उच्च न्यायालयाच्या २००५ व २०१८ च्या आदेशांमुळे ती तोडता येत नाहीत. सातबारा शेतकऱ्याच्या नावावर राहतो, नांगर मात्र चालत नाही. यावरून कांदळवनालाच शत्रू ठरवणे मला मान्य नाही. बांधाबाहेर लाटेचा जोर मोडणारे तेच आहे, खाडीतल्या मासळीची पिल्ले वाढतात तीही त्याच्याच मुळांत. ते राखलेच पाहिजे. पण आत उगवलेल्या तिवरांची किंमत एकट्या शेतकऱ्याने का मोजावी?

बांधांची उंची आजच्या उधाणावरून नव्हे, पुढच्या पन्नास वर्षांच्या अंदाजावरून ठरवा. देखभालीचा पैसा आणि अधिकार गावाच्या हाती द्या. खांड पडताच अतिवृष्टीइतक्याच तातडीने पंचनामा करा, आणि जे शेत कांदळवन झाले त्याचा पूर्ण मोबदला शेतकऱ्याला द्या.