मूकपट खरोखर मुका होता काय?

मूकपटाला भाषा नव्हती, म्हणून तो सर्वांचा होता, हे विधान इतक्या वेळा केले गेले आहे की ते तपासून पाहण्याची गरज कोणाला वाटेनाशी झाली आहे. आर. नटराज मुदलियार यांनी मद्रासमध्ये, म्हणजे आजच्या चेन्नईत, १९१६ ते १९१८ च्या दरम्यान काढलेला ‘कीचकवधम्’ हा दक्षिणेतील पहिला मूक कथापट या विधानाला छेद देतो. चित्रणाचे तंत्र मुदलियारांनी पुण्यातील स्ट्युअर्ट स्मिथ या इंग्रज छायाचित्रकाराकडून घेतले. कथा मात्र कोणाकडून घ्यावी लागली नाही. द्रौपदी अम्मनच्या उत्सवांतील भारतकथनाने आणि तेरुक्कूत्तूने ती तमिळ लोकमानसात आधीच रुजविली होती. पडद्यावरच्या पाट्याही तमिळ, हिंदी व इंग्रजी अशा तीन भाषांत होत्या.

याच कथेवरील कृ. प्र. खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ (१९०७) नाटकातील कीचकात मराठी प्रेक्षकांनी लॉर्ड कर्झन पाहिला आणि १९१० मध्ये सरकारने त्यावर बंदी घातली. पुढे १९२० मध्ये कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी ‘सैरंध्री’त तीच कथा पडद्यावर आणली. कथा एकच, परंतु देवीच्या उत्सवातून आलेल्या आणि राजकीय रंगभूमीवरून आलेल्या प्रेक्षकाला ती एकच अर्थ सांगत असेल, असे मानणे कठीण आहे. चित्राची उणीव भाषा भरून काढीत होती, आणि ती भाषा प्रेक्षागृहात होती.

जपानमध्ये शोझो माकिनो यांच्या ‘जिरैया’सारख्या (१९२१) लोककथाधिष्ठित मूकपटांना बेन्शी हे निवेदक वाणी देत. त्यांची परंपरा तेथे चित्रपटेतिहासाचे अंग मानली जाते. आपल्याकडे मात्र मूकपट चित्रपटाच्या इतिहासकाराचा आणि लोककथा साहित्याच्या अभ्यासकाची, अशी वाटणी झाली आहे.

‘कीचकवधम्’ची चित्रफीत आज उपलब्ध नाही, तेव्हा हा अभ्यास निव्वळ तर्काचा ठरेल, असा आक्षेप येईल. पण १९०७ चा प्रयोगही आज कोणी पाहू शकत नाही. तरीही खाडिलकरांच्या नाटकाचा अभ्यास थांबलेला नाही. कूत्तूच्या संहिता, कीर्तनातील आख्याने, नाट्यसंहिता व तत्कालीन वृत्तपत्रे ही सामग्री भाषांच्या अभ्यासकांच्याच कक्षेतील आहे. चित्रफिती नष्ट झाल्या, त्यावर इलाज नाही. त्या ज्या स्मृतीच्या आधारे पाहिल्या गेल्या, तिचाही विसर पडू देणे हा मात्र भारतीय साहित्याच्या अभ्यासाचा दोष ठरेल.