थंडीची खास डिश: काश्मिरी शलगम आणि आपला काळा मसाला

डिसेंबर आला की आम्हा दिल्लीकरांना संध्याकाळी सातलाच भूक लागते. गरमागरम, वाफाळतं आणि पोटभरीचं काहीतरी हवं असतं. पण घरात कुणाला मधुमेह असेल तर? कदाचित तुमच्याकडेही असंच होत असेल: सगळ्यांना बटाट्याचा रस्सा, भात, पोळी आणि एकाच माणसाला उकडलेला दुधी.

गेल्या हिवाळ्यात आमच्या घरी तो माणूस म्हणजे बाबा. साखर वाढल्यावर डॉक्टरांनी भात-बटाटा कमी करायला सांगितलं. बाबांनी ऐकलं, पण ते आमच्या अर्धा तास आधी, टीव्हीसमोर एकटेच जेवायला लागले. "तुमच्या ताटांकडे बघत बसण्यापेक्षा हे बरं," म्हणायचे. आईला तो घास गोड लागत नसे.

मग एका रविवारी खालच्या मजल्यावरच्या काश्मिरी काकूंनी डबा पाठवला. त्यात होतं शलगम घातलेलं मटण. काश्मिरी भाषेत शलगमला 'गोगजी' म्हणतात. तिथे बर्फ पडायच्या आधीच शलगमच्या चकत्या वाळवून हिवाळ्यासाठी ठेवायची जुनी पद्धत आहे. काकू पंडित, त्यामुळे कांदा-लसूण नाही. सगळी चव हिंग, बडीशेप आणि सुंठेची. बाबांनी वाटी चाटूनपुसून साफ केली. आई म्हणाली, "चव झकास आहे, पण रस्सा पातळ. आपलं वाटण घालून बघूया का गं?"

तिथेच ही डिश जन्माला आली.

पथ्यात कशी बसते?

१०० ग्रॅम बटाट्यात सुमारे १७ ग्रॅम कर्बोदकं असतात, शलगममध्ये साधारण ६. रस्सा दाट करायला मैदा किंवा बटाटा लागत नाही, ते काम आपलं भाजलेलं खोबरं करतं. म्हणजे शलगम काश्मीरचं, दाटपणा महाराष्ट्राचा!

साहित्य (४ जणांसाठी)

- हाडासकट मटण अर्धा किलो
- शलगम ४ मध्यम (सुमारे ४०० ग्रॅम), सोलून जाड फोडी
- मोहरीचं तेल ३ मोठे चमचे
- हिंग पाव चमचा, लवंगा ४, मोठी वेलची २, तमालपत्र १
- काश्मिरी मिरची पूड २ चमचे
- बडीशेपेची पूड २ चमचे, सुंठ पूड १ चमचा
- वाटणासाठी: किसलेलं सुकं खोबरं ४ मोठे चमचे, १ लहान कांदा, ६ लसूण पाकळ्या
- काळा मसाला दीड चमचा
- मीठ, कोथिंबीर

कृती

१. कुकरमध्ये तेल धूर येईपर्यंत तापवा, मग गॅस बंद करून थोडं निवू द्या. मोहरीच्या तेलाचा उग्रपणा असाच जातो.

२. पुन्हा मंद आच करून शलगमच्या फोडी सोनेरी परतून बाजूला काढा. ही पायरी गाळू नका, नाहीतर फोडी पचपचीत लागतात.

३. त्याच तेलात हिंग, लवंगा, वेलची, तमालपत्र आणि मटण घाला. पाणी आटून मटणाला रंग येईपर्यंत, साधारण १० मिनिटं परता.

४. मिरची पूड दोन चमचे पाण्यात कालवून घाला, म्हणजे ती करपत नाही. बडीशेप, सुंठ, मीठ आणि ३ कप गरम पाणी घालून ५-६ शिट्ट्या करा.

५. तोवर खोबरं कोरडंच तांबूस भाजा. कांदा-लसूण थेंबभर तेलावर भाजून सगळं बारीक वाटा.

६. कुकर उघडल्यावर शलगम, वाटण आणि काळा मसाला घाला. झाकण ठेवून मंद आचेवर १५ मिनिटं उकळू द्या. सुरी फोडीत सहज गेली की झालं. वरून कोथिंबीर.

शाकाहारी आहात?

मटणाऐवजी २०० ग्रॅम मशरूम शलगमसोबत शिजवा. शिट्ट्यांची गरज नाही, पाणीही २ कपच घ्या. २५० ग्रॅम पनीर शेवटी ५ मिनिटं आधी घाला. शलगम मिळालं नाही तर नवलकोल किंवा पांढरा मुळा चालेल.

हे लक्षात ठेवा

भाकरी म्हणजे पथ्य, असं आपण धरून चालतो. पण ज्वारीच्या १०० ग्रॅम पिठातही सुमारे ७० ग्रॅम कर्बोदकं असतात. म्हणून पथ्य असलेल्याला हा रस्सा मोठ्या वाडग्यात, सोबत कोबीची कोशिंबीर द्या. बाकीच्यांनी भाकरी खुशाल कुस्करावी. मात्र मधुमेहाच्या गोळ्या किंवा इन्सुलिन चालू असेल, तर भात-पोळी अचानक बंद करू नका. साखर एकदम खाली जाऊ शकते. आधी डॉक्टरांना विचारा.

आम्ही काकूंनाही डबा पाठवला. त्या चाखून म्हणाल्या, "ये हमारी गोगजी तो नहीं रही, पर है बढ़िया!" आणि बाबा? त्या रात्री टीव्ही बंद करून ते आमच्यासोबत बसले, दुसऱ्यांदा वाडगा पुढे केला आणि आईला म्हणाले, "अगं, हाडाचा तुकडा वाढ."

या रविवारी करून बघा. एकच रस्सा, सगळ्यांच्या ताटात.