साक्ष जपणारा कॅमेरा

बौद्ध बंधुभगिनींनो, आपल्यावर अत्याचार होतो, आणि मागाहून तो घडलाच नाही असे सांगणारे उभे राहतात!

११ जुलै १९९७ रोजी मुंबईत घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. निषेध करणाऱ्या जनतेवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या. १० जण ठार झाले. जमाव टँकर पेटविणार होता, असा बचाव पुढे आला. गुंडेवार आयोगाने मात्र तो गोळीबार असमर्थनीय ठरविला. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी दुःखावेगाने आत्महत्या केली.

घोगरे यांचे गाणे आनंद पटवर्धन यांनी ‘हमारा शहर’ या १९८५ च्या माहितीपटात घेतले होते. या मृत्यूनंतर पटवर्धन १४ वर्षे आपल्या वस्त्यांतून कॅमेरा घेऊन हिंडले. २०११ साली ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला. गल्ला भरण्यासाठी चित्रे काढणाऱ्यांपैकी किती जण इतका काळ आपल्या दारी थांबले?

गोंदियाकरांनो, १९९९ पर्यंत आपण भंडारा जिल्ह्याचेच होतो. त्याच भंडाऱ्यातील खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ रोजी बौद्ध कुटुंबातील चौघांची हत्या झाली. आरोपींना शिक्षा झाली, पण न्यायालयांनी अॅट्रॉसिटी कायदा लावला नाही. गुन्हा दिसला, जात दिसली नाही!

असत्य न बोलण्याचे शील आपण घेतले आहे. मग आपल्याविषयीचे असत्य मुकाट्याने का ऐकावे? हा माहितीपट मुलाबाळांसह पाहा. गावात अन्याय झाल्यास तारीख, वेळ व साक्षीदारांचे बोल त्याच दिवशी लिहून ठेवा, आणि फिर्यादीत जातीचा उल्लेख वगळू देऊ नका.