व्ही. टी.चे बेंगळुरूतले नाते

बेळ्ळंदूरच्या काचेच्या कचेऱ्यांत नोकरीला असलेली मराठी मंडळी आता पुष्कळ. त्यांच्यापैकी कोणी रविवारी शहराच्या दुसऱ्या टोकाला, मल्लेश्वरमकडे गेलेच, तर 'टाटा इन्स्टिट्यूट'ची करड्या दगडातली, मधोमध मनोरा असलेली इमारत जरूर पाहावी. भारतीय विज्ञान संस्था रिक्षावाल्यांना याच नावाने कळते! तिचा आराखडा चार्ल्स स्टीव्हन्स यांचा. आणि चार्ल्सचे वडील कोण? तर मुंबईचे व्ही. टी. स्टेशन उभारणारे फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स!

थोरले स्टीव्हन्स १८४७ साली इंग्लंडमधील बाथ येथे जन्मले. विशीत सरकारी बांधकाम खात्यात रुजू होऊन ते पुण्याला आले, मग मुंबईला. स्टेशनाचे काम १८७८ मध्ये सुरू झाले आणि तब्बल दहा वर्षे चालले. खर्च आला सोळा लाखांवर. लंडनच्या सेंट पँक्रास स्टेशनाची छाप त्यावर आहे, हे खरे. पण दगडातली पाने-फुले, पशुपक्षी जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांच्या हातचे आहेत. नुसती साहेबी नक्कल असती, तर मुंबईकराने या स्टेशनावर इतका जीव लावला असता का? समोरची महापालिका आणि चर्चगेटचे रेल्वे मुख्यालयही स्टीव्हन्स यांचेच. १९०० साली मलेरियाने त्यांचा घास घेतला.

या स्टेशनाच्या कामावर देखरेख करणाऱ्यांत एक मराठी माणूस होता, रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य. पुढे जमशेटजी टाटांनी ताजमहाल हॉटेल बांधायला काढले, तेव्हा आराखड्याचे काम वैद्य आणि डी. एन. मिर्झा यांच्याकडे आले. दैव पाहा, वैद्यही १९०० सालीच मलेरियाने गेले. डब्ल्यू. ए. चेंबर्स यांनी काम पुरे केले आणि १९०३ मध्ये 'ताज' उघडले.

आणि आपण मुलाबाळांना काय सांगतो? इमारत उलटी बांधली गेली म्हणून कोण्या परदेशी साहेबाने वरून उडी घेतली! या भाकडकथेतल्या साहेबाला नावसुद्धा नाही. ज्याला नाव आहे, ते सीताराम वैद्य मात्र त्याच हॉटेलासमोर फोटो काढणाऱ्या शेकडा नव्वद मराठी माणसांना ठाऊक नसतात.