रहस्य झाकायचे की उघडायचे?

रहस्यकथा वाचताना आपण फसतो, ते लेखक खोटे बोलतो म्हणून नव्हे. काय सांगायचे आणि काय गाळायचे हे तो ठरवतो, म्हणून. निवेदक एका वाक्यात तीन तास ओलांडतो आणि तेवढ्यात त्या खोलीत कोण येऊन गेले, हे विचारायचे आपल्याला सुचतही नाही. कॅमेऱ्याला ही मुभा नाही, आणि थेट प्रक्षेपणात तर मुळीच नाही. तिथले घड्याळ प्रेक्षकाच्या भिंतीवरच्या घड्याळाबरोबर चालते. म्हणून साहित्यातल्या गूढकथेचे थेट टीव्ही-नाटक करायचे, तर रहस्य शेवटपर्यंत झाकून ठेवण्याचा हट्ट आधी सोडावा, असे माझे ठाम मत आहे. ‘कोणी केले?’ हा पानावरचा प्रश्न. थेट नाटकाचा प्रश्न ‘आता उघडे पडेल का?’ हा.

अॅगाथा ख्रिस्तीला हे फार लवकर उमगले होते. बीबीसीने १९३७ च्या जूनमध्ये ‘वॉस्प्स नेस्ट’ थेट दाखवले, तेव्हा रूपांतर तिनेच केले होते. या कथेत खून अजून झालेलाच नाही; गुप्तहेर पॉयरोला तो टाळायचा आहे. मोजकी माणसे, एक बाग आणि हातातून निसटणारा वेळ. फ्रेडरिक नॉटचे ‘डायल एम फॉर मर्डर’ तर रंगभूमीच्या आधी, मार्च १९५२ मध्ये, बीबीसीवर थेट झाले. त्यात कट रचणारा नवरा आपल्याला सुरुवातीलाच कळतो, तरी ताण तसूभर कमी होत नाही. उलट, १९५४ मध्ये अमेरिकेत रेमंड चँडलरची ‘द लाँग गुडबाय’ थेट सादर झाली, तेव्हा प्रेताचे काम करणारा नट कॅमेरा आपल्यावरच आहे हे न कळून उठून चालू लागला. कादंबरीत निवेदक असलेल्या गुप्तहेर मार्लोचा आवाज वाचकाला धरून ठेवतो. पडद्यावर तो आवाज मागे पडला की उरते ती देहांची हालचाल, आणि तिथे एवढी चूकही सगळा भ्रम मोडते.

आपल्याकडे बासू चॅटर्जींच्या ‘ब्योमकेश बक्षी’ने (१९९३) मूळ कथांचा निवेदक असलेल्या अजितला डोळ्यांसमोर वावरणारा मित्र केले. त्याचे न कळणे आपल्याला दिसते. ती मालिका चित्रित होती, पण ही युक्ती थेट नाटकालाही उपयोगी आहे. मात्र प्रत्येक लेखक या माध्यमात मावणार नाही. बाबुराव अर्नाळकरांचा वेग पाठलागाचा आणि जागा बदलण्याचा. तो स्टुडिओत गुदमरेल. रत्नाकर मतकरींची गूढकथा अनेकदा साध्या घरात, ओळखीच्या माणसांत घडते. थेट नाटकासाठी मी आधी तिच्याकडे वळेन.

यावर पहिला आक्षेप असा, की छापील कथेचा शेवट ठाऊक असलेला वाचक पाहायला का बसेल? आक्षेप खरा आहे. ख्रिस्तीने १९३९ च्या ‘अँड देन देअर वेअर नन’चा शेवट १९४३ च्या नाटकात स्वतः बदलला; पण तो अधिकार लेखकाचा, रूपांतरकाराने तो परस्पर घेऊ नये. त्याने शेवट तसाच ठेवावा आणि तिथे पोचण्याची वाट प्रेक्षकासमोर कठीण करावी. दुसरा आक्षेप अधिक व्यवहारी: चित्रीकरण इतके सोपे झालेले असताना थेट कशाला? कारण आज भाग संपायच्या आतच त्याचा शेवट मोबाइलवर फिरतो. थेट नाटकाचा शेवटचा प्रवेश मुंबईला आणि मध्य प्रदेशाच्या सीमेलगतच्या बपेऱ्याला एकाच क्षणी दिसेल. रहस्याला एवढी राखण आज दुसरे कुठलेही माध्यम देत नाही.

थेट नाटक पेलणारे नट कुठून आणायचे, असेही विचारले जाईल. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली या झाडीपट्टीत धानकापणीनंतर रात्ररात्र नाटके होतात. गडचिरोली जिल्ह्यातले वडसा तर तिथल्या नाटक मंडळींचे माहेरघर. चुकलेला प्रवेश प्रेक्षकांसमोरच सावरून घेणे, पहाटेपर्यंत आवाज टिकवणे, हे त्या नटांचे रोजचे काम आहे. त्यांना पुन्हा टेक मिळत नाही. या हंगामात एखाद्या मराठी वाहिनीने तिथल्या चार नटांना, एका घराच्या नेपथ्याला आणि एका गूढकथेला रात्री दहाची वेळ द्यावी.