खाण वाळवंटात, घंटी सुरतेत

कलहारी वाळवंटाच्या वाळूखाली, बोत्स्वानातील ज्वानेंगच्या खाणीत, टनभर खडक फोडावा तेव्हा ग्रॅमभरही हिरा हाती लागत नाही. आणि लागतो तो मळकट खडा अँटवर्प, दुबई, मुंबई असे मुक्काम करीत सुरतेच्या वराछा-कतारगामात येऊन घंटीवर, म्हणजे पैलू पाडण्याच्या चाकावर, चढेपर्यंत त्यास हिरा म्हणण्यास सामान्य मनुष्य धजणारही नाही. जगात पैलू पाडल्या जाणाऱ्या दर दहा हिऱ्यांपैकी सुमारे नऊ भारतात, त्यांतही बहुतांश सुरतेत घडतात. शिवछत्रपतींच्या स्वाऱ्यांनी 1664 आणि 1670 साली हादरलेल्या या बंदराचे वैभव जहाजांवर उभे होते. आजचे कारागिरांच्या बोटांवर उभे आहे.

बोत्स्वाना 1966 साली स्वतंत्र झाला तेव्हा त्याची गणना अतिदरिद्री राष्ट्रांत होत असे. पुढच्याच वर्षी ओरापा येथे हिरे सापडले; परंतु खाणीचा मक्ता डी बिअर्स या परकीय कंपनीस देऊन स्वस्थ न बसता त्या सरकारने क्रमाक्रमाने निम्मी भागीदारी पदरात पाडून घेतली, आणि 2013 साली डी बिअर्सची कच्च्या हिऱ्यांची विक्रीपेढीही लंडनहून आपल्या राजधानीत, गॅबोरोनला, आणविली. मालाचा धनी आपला हिस्सा मागतो, यात नवल ते काय?

नवल आहे ते सुरतेचे. खजोद येथे 17 डिसेंबर 2023 रोजी पंतप्रधानांच्या हस्ते ज्या हिरेबाजाराचे उद्घाटन झाले, तो विस्ताराने अमेरिकेच्या पेंटागॉनहूनही मोठा आहे. पण त्या प्रासादात विकल्या जाणाऱ्या मालास तेज देणाऱ्या असंख्य रत्नकलाकारांस आजही नगावर मजुरी मिळते, आणि नेमणुकीचा कागद किंवा भविष्यनिर्वाह निधी त्यांच्यापैकी अनेकांच्या वाट्यास येत नाही. रशियन हिऱ्यांवरील निर्बंध, प्रयोगशाळेतील हिऱ्यांची स्वस्ताई आणि 27 ऑगस्ट 2025 रोजी अमेरिकेने भारतीय मालावर चढविलेली 50 टक्के जकात या तिहेरी माऱ्यात पहिला बळी त्यांच्या रोजगाराचा पडला. गुजरात सरकारने 2025 साली बेकार कारागिरांच्या मुलांच्या शाळेची फी भरण्याची योजना जाहीर केली, हे योग्यच. मात्र मंदीतली मदत म्हणजे हक्क नव्हे, आणि ज्याचे नाव कारखान्याच्या दप्तरातच नाही त्याने आपली बेकारी तरी कोणत्या दाखल्याने सिद्ध करावी?

म्हणून मजूर खात्याने सुरतेतील लहानमोठ्या प्रत्येक हिरेकारखान्याचा हजेरीपट तपासून प्रत्येक रत्नकलाकाराची नोंद सक्तीची करावी, आणि हे काम पुढल्या मंदीची वाट न पाहता हाती घ्यावे.